दार पुन्हा वाजवा

युद्धावर माहितीपट काढण्यात ताईची उभी हयात गेली. "पुन्हा एकदा" हे तिचं पालुपद. यम न्यायला आला तरी ही त्याला जरा उजेडातून यायला सांगेल, अशी नवरा तिची थट्टा करायचा. तीही हसायची, कारण ते खरंच होतं.

जिन्याच्या टोकाला एका खोलीत राहणाऱ्या म्हातारीचा मुलगा शिपायांनी उचलून नेला होता. पुढे त्याचा ठावठिकाणा नाही. ताईचा माहितीपट होत आला होता, शेवट तेवढा अडला होता. दारावर टकटक झाली की या आईचा चेहरा कसा होतो, ते तिला टिपायचं होतं. म्हणून या बयेने काय करावं? ध्वनिमुद्रण करणाऱ्या आपल्या आवाजवाल्याला गुपचूप बाहेर धाडून दार वाजवायला लावलं. मला विचाराल तर हा शुद्ध निर्दयपणा होता. पण कामात बुडालेल्या माणसाला तो दिसत नाही.

म्हातारी धडपडत उठली. दारात आवाजवाल्याला पाहून तिचा चेहरा खाडकन उतरला. ताईने माफी मागितली आणि वर, दुसऱ्या बाजूने टिपायचंय म्हणून पुन्हा एकदा करायला सांगितलं. म्हातारीने निमूट मान डोलावली. आता सगळं नाटक आहे हे तिला ठाऊक होतं, तरी दार वाजल्यावर ती तशीच धडपडत उठली.

ताईचं समाधान होईना. तिसऱ्यांदा करायचं ठरलं. आवाजवाला अजून आतच होता, कानाला हेडफोन लावून माइक नीट करत होता. आणि दार वाजलं.

म्हातारीने उघडलं. जिन्यात चिटपाखरूही नव्हतं. ती मात्र कुणाला आत घ्यावं तशी बाजूला सरली आणि तिने कडी घातली. ताईने कॅमेरा चालूच ठेवला.

"बाई, आता दार वाजवू नका," म्हातारी दबक्या आवाजात म्हणाली. "नेलं त्या दिवशी शिपाई असंच वाजवत होते. तेव्हाही पोर असंच पलंगाखाली जाऊन बसलं होतं."

आवाजवाल्याने माइक पलंगाकडे वळवला. पलंगाखालून श्वास ऐकू येतोय, असं कसंबसं सांगत त्याने हेडफोन ताईपुढे धरले. तिने ते घेतले नाहीत. कॅमेरा बंद केला, बूट हातात घेतले, अलगद कडी काढली आणि दोघं चोरपावलांनी जिना उतरली.

दार तिने उघडंच ठेवलं. ओढून घेतलं असतं, तर ते वाजलं असतं.