बावीस झाकणं

लंडनच्या क्रिकलवुड भागातल्या रस्त्यांवरच्या बावीस लोखंडी झाकणांचे ठसे घ्यायला नोरा गिलहूलीला सात आठवडे लागले. रहदारी सुरू व्हायच्या आत ती गुडघ्यांखाली पोतं टाकून रस्त्यावर बसायची. झाकण घासून कोरडं करायचं, कागद ताणून चिकटवायचा, मेणखडू सारख्या हाताने फिरवायचा. घाई केली की कागद फाटायचा. पहिले नऊ फाटले. ते नऊही तिने पुन्हा केले.

आयरिश हॉलच्या समितीने तिला मागची भिंत दिली होती. ती चित्रकार, बाप फेस्टस आयर्लंडमधल्या मेयो परगण्याचा. तेव्हा भिंतीवर मेयोतलं गवताने शाकारलेलं पांढरं घर येणार, हे सगळ्यांनी धरूनच ठेवलं होतं. तिने बावीस काळे ठसे लावले.

"हे काय गं?" अध्यक्ष कॉनकनन म्हणाले. "गटारांचं प्रदर्शन?"

"बाबांनी खणलेले रस्ते आहेत, काका."

"लोक इथे घराची आठवण काढायला येतात. यात घर कुठाय?"

"बाबा मेयोत सोळा वर्षं राहिले आणि इथे एकेचाळीस वर्षं चर खणले. मी मेयोला सुट्टीपुरती जाते, तरी तुम्ही विचारता, 'घरी कधी निघालीस?' ज्या घरात मी वाढले नाही, ते माझ्या हातून खोटंच उतरेल. नाही काढणार मी."

"मग रविवारी चहाच्या आत हे उतरव. नाहीतर मी उतरवतो."

"शिडी कोपऱ्यात आहे. धरणार मात्र नाही मी."

रविवारी चर्चमधून म्हातारे हॉलवर आले. कॉनकनननी शिडी आणली होती. नोरा भिंतीला पाठ लावून उभी. फेस्टस काठी टेकत एकेका ठशापुढे थांबत गेला. चौदाव्यावर त्याने काठी ठोकली.

"हे काढ."

नोराचा चेहरा उतरला. कॉनकनन हसले. "बघ, बापच सांगतोय."

"हे आमचं नव्हे. चौकट बघ, एका अंगाला बोटभर फट. त्या डोनेगल परगण्यातल्यांच्या टोळीचं काम."

डोनेगलचा ह्यूई मॅकगिन्ली कप आपटून उठला. "फेस्टस, तुमचा चर दोनदा ढासळला, तो उपसला कुणी?"

"एकदा!"

मग कुणी जागेवर राहीना. खुर्च्या ओढत सगळे भिंतीपाशी येऊन बसले. हे माझं, ते तुझं, इथे पाणी लागलं होतं, इथे पॅडीचा अंगठा गेला. कॉनकनन शिडी धरून मागे उभे.

"शिडी लावायचीय?" फेस्टस म्हणाला. "लाव की. आधी आम्हाला उठव."

कुणी उठलं नाही. चौदावा ठसाही ह्यूईने काढू दिला नाही. तेव्हा शेजारी एक सरळ बसवलेलं झाकण हवंच, असं फेस्टसने नोराला बजावलं.

सोमवारी सकाळी नोरा पोत्यावर बसली होती. रस्त्याच्या कडेला खुर्ची टाकून फेस्टस काठीने गाड्या वळवत होता. एका गाडीवाल्याने काच खाली केली.

"म्हाताऱ्या, घरी जा ना!"

"घरीच बसलोय!" फेस्टस ओरडला. मग खाली वाकून म्हणाला, "हसतेस काय? डावा कोपरा सुटलाय. पुन्हा कर."