बंदुकीच्या पेटीचं कुलूप

सास्तूरमध्ये शिवप्पा नावाची माणसं बरीच आहेत, म्हणून आमच्या शिवप्पांना सगळे 'बंदूकवाले' म्हणतात. त्यांच्याकडे बारा बोअरची दुनाळी होती, तिचा परवाना होता, आणि तेवढ्यावर तालुक्याच्या गावी एका सराफाच्या दुकानात त्यांची नोकरी होती. दारात लोखंडी स्टूल टाकून, मांडीवर बंदूक आडवी घेऊन ते बसत. अंगानं किरकोळ, कपाळावर भस्माचे पट्टे, मिशी नीट कातरलेली. बंदूक नसती तर त्यांच्याकडे कुणी दुसऱ्यांदा पाहिलं नसतं.

हे त्यांनाही ठाऊक होतं. निवडणूक लागली की परवान्याच्या बंदुका ठाण्यात जमा कराव्या लागतात. तेवढे दिवस ते काठी घेऊन त्याच स्टुलावर बसत आणि गिऱ्हाइकं त्यांना सांगत, "मामा, दोन कट आणा की." ते उठून चहा सांगून येत.

घर म्हणजे ते, त्यांची बायको उमादेवी आणि थोरली भावजय गजराबाई. भाऊ लवकर गेला. गजराबाईंनी वाटणी मागितली नाही. शिवप्पा परवान्यासाठी जिल्ह्याच्या चकरा मारत होते तेव्हा शेत त्यांनीच ओढलं, आणि आपला मुलगा नंदीश याला शिकवलंही. नंदीश आता पुण्यात एका कंपनीत आहे.

बंदूक ने-आण करायला शिवप्पांनी पत्र्याची एक पेटी करून घेतली होती. नळी आणि दस्ता वेगळे करून, घोंगडीच्या तुकड्यात गुंडाळून ते पेटीत ठेवत. काडतुसं मात्र कमरेच्या पिशवीत. पेटीला वडिलांच्या वेळचं पितळी कुलूप होतं. त्याची किल्ली हरवली आणि ते कापावं लागलं. विधानसभेच्या निवडणुकीआधी बंदूक जमा करायची होती, म्हणून ते बाजाराच्या दिवशी धनाजीच्या गाड्यासमोर उभे राहिले. धनाजी बॅटऱ्या, नेलकटर, कंगवे आणि पुठ्ठ्याला टाचलेली कुलपं विकतो.

"मजबूत हाय का रे?"

"काका, ह्या भावात मजबुती बी पाहिजे व्हय? दिसायला कुलूप हाय, एवढं खरं."

"आन किल्ली हरवली तर?"

"हरवू द्या की. ह्या पुठ्ठ्यावरल्या कुठल्याबी कुलपाची लावा. लागती."

भोवतीची माणसं हसली. शिवप्पाही हसले. अशा कुलपाच्या पोटात पत्र्याच्या दोन पट्ट्या आणि एक स्प्रिंग असते. प्रत्येकाला वेगळी किल्ली करणं परवडत नाही, म्हणून दातांचे दोन-चार नमुने ठरवतात आणि त्यांवरच सगळा माल काढतात. धनाजी थट्टा करत होता, पण सांगत खरं होता. त्याच्याकडे खालच्या फळीवर जड, चांगल्या कंपनीची कुलपंही होती. शिवप्पांनी ती हातात घेऊन परत ठेवली.

"ठाण्यापस्तोर न्यायची आन आणायची. तेवढ्याला एवढं भारी कशाला? बंदुकीला हात लावायची छाती कुणाची हाय?"

त्यांनी त्या पुठ्ठ्यावरची दोन कुलपं घेतली. एक बंदुकीच्या पेटीला. दुसरं शेतातल्या भांड्यांच्या पेटीला, कारण गजराबाई केव्हाच्या मागत होत्या.

निवडणूक झाली, निकाल लागला. बंदुका परत न्यायचा निरोप आला तो नेमका वेळा अमावस्येच्या आदल्या संध्याकाळी. आमच्याकडे ही अमावस्या म्हणजे येळवस. गावं अशी ओस पडतात की देवळातसुद्धा माणूस सापडत नाही. सगळे आपापल्या रानात. कडब्याची कोप म्हणजे खोपटी करायची, आत चुन्यानं रंगवलेले पाच दगड पांडव म्हणून पुजायचे, आंबील, सगळ्या भाज्यांची भज्जी, बाजरीचे उंडे घेऊन येईल त्याला जेवू घालायचं.

शिवप्पांना एक दिवस थांबता आलं असतं. पण काठीचा कंटाळा आला होता. सकाळी जाऊन त्यांनी बंदूक ताब्यात घेतली, पेटीला कुलूप लावलं, किल्ली कमरेच्या करगोट्याला बांधली आणि एसटीनं सास्तूरला आले. गल्लीत कुणी नव्हतं. दारांना कड्या. ओस गावात, रिकाम्या घरात बंदूक ठेवायची कशी? म्हणून एका ओळखीच्या पोराच्या मोटारसायकलवर, मांडीवर पेटी आडवी धरून, ते माकणीच्या रस्त्याला असलेल्या त्यांच्या रानात गेले.

"ही कशाला आणली इथं?" उमादेवींनी विचारलं.

"मग कुठं ठिवू, डोक्यावर? कुलूप हाय की."

शेडमध्ये भांड्यांची पेटी होती. तीही त्याच पत्रेवाल्याकडची, त्याच हिरव्या रंगाची. शिवप्पांनी बंदुकीची पेटी तिच्या शेजारी सरकवली, वर पोतं टाकलं आणि हातपाय धुऊन पूजेला बसले. पूजा झाल्यावर आंबिलीचा तांब्या घेऊन पिकावर शिंपडत, आमच्या रानातला तो कानडी-मराठी मिसळलेला घोष करत शेताला फेरी घालायला निघाले. मागं चार पाहुणे. सराफाच्या दुकानातले मुनीम मुद्दाम बोलावलेले, तेही होते. शिवप्पा त्यांना ज्वारी दाखवत होते.

कोपीजवळ पंगतीची तयारी चालली होती. गजराबाईंनी नंदीशला किल्ली दिली. "ताटं आन रं पेटीतली."

नंदीशने पोतं बाजूला केलं, हाताला आलेली पेटी ओढली, किल्ली फिरवली. कुलूप उघडलं.

फेरी पुरी करून शिवप्पा कोपीकडे आले तेव्हा नंदीश बंदूक जोडून उभा होता. त्याचा पुण्याचा मित्र मोबाइलवर फोटो काढत होता.

"एक आईसंगं काढ," नंदीश म्हणाला. "आई, हात वर कर. दरोडा हाय."

गजराबाई हसत होत्या. त्यांच्या हातात उंड्याची परात होती. बंदुकीचं तोंड परातीच्या थोडं वर, त्यांच्या छातीशी होतं.

शिवप्पांनी धावत जाऊन नळी आकाशाकडे ढकलली. नंदीश मागं पडला. काडतूस आत नव्हतं, ते त्यांना माहीत होतं, तरी त्यांनी बंदूक उघडून दोन्ही नळ्यांत पाहिलं. मुनीम ते सगळं बघत होते.

"कुलूप कुणी तोडलं?"

"तोडलं न्हाय अप्पा," नंदीश म्हणाला. "उघडलं. आईच्या किल्लीनं."

"माझी किल्ली हितं हाय, कमरेला. तिच्या किल्लीनं कसं उघडंल?"

गजराबाईंनी परात खाली ठेवली. नंदीशकडून किल्ली घेऊन त्या पेटीपाशी गेल्या, कुलूप दाबून बंद केलं आणि पुन्हा उघडलं. सगळ्यांसमोर. धनाजीच्या गाड्याजवळचं हसणं शिवप्पांना तेव्हा आठवलंच असणार. तिथंच 'माझं चुकलं' म्हटलं असतं तर गोष्ट तिथंच संपली असती. ते म्हणाले, "कुणाच्याबी पेटीला किल्ल्या लावून बघायची सवय कधीपासून लागली, वहिनी?"

पंगतीची माणसं ऐकत होती. गजराबाईंनी पदर सारखा केला आणि ताटं काढायला दुसरी पेटी उघडली. वाढताना त्यांनी शिवप्पांनाही वाढलं. भज्जी जास्तच वाढली, त्यांना आवडते म्हणून.

फोटो नंदीशने स्टेटसला ठेवला होता. शिव्या बसल्यावर काढला, पण तोवर तो कुणीतरी दुसऱ्या कुणाला पाठवला होता. तो फिरत ठाण्यात पोचला आणि दुसऱ्या दिवशी तिथून फोन आला. पेटीला कुलूप होतं, असं शिवप्पांनी सांगितल्यावर हुकूम झाला: बंदूक, पेटी, कुलूप घेऊन या, आणि पेटी उघडणारालाही आणा. नंदीश पहाटेच्या गाडीनं पुण्याला गेला होता. त्याचा फोन लागत नव्हता. गजराबाईंनी चपला घातल्या.

"तुमी कशाला?" शिवप्पा म्हणाले.

"उघडणारी मीच की."

ठाण्यात त्यांना बाहेरच्या बाकावर बसवलं. शिवप्पा एकटेच आत गेले. साहेब तरुण होते, आवाज चढवत नव्हते. त्यांनी कुलूप तळहातावर घेऊन जोखलं.

"हे लावून आणली बंदूक?"

"व्हय साहेब."

"आणि उघडलं कुणी?"

परवाना गेला तर नोकरी गेली, हे शिवप्पांना समोरच्या भिंतीइतकं स्पष्ट दिसत होतं. या वयात नवीन परवाना कोण देतंय? ते म्हणाले, "भावजयीनं, साहेब. मला न इचारता. मी फेरीला गेल्तो. कुलूप बरोबर लावलं होतं, साहेब. घरातल्या बायामाणसांनी असं केल्यावर मी काय करू?"

साहेबांनी गजराबाईंना आत बोलावलं. शिवप्पा जे म्हणाले ते शब्दाला शब्द त्यांना सांगितलं आणि विचारलं, "खरं आहे का, मावशी?"

गजराबाईंनी दिराकडे पाहिलंही नाही. "खरं हाय. माझ्या किल्लीनं उघडलं. भावजींचं कायी चुकलं न्हाय. माझं नाव घाला. पोराचं नगा घालू."

खोलीत एक पंखा उगाच फिरत होता. शिवप्पा उभे होते ते हळूहळू खोलीतल्या बाकाच्या काठावर बसले. पुढं त्यांनी स्वतःच उमादेवींना सांगितलं, की त्या वेळी कुणीतरी भरचौकात अंगावरचं धोतर ओढावं तसं झालं. ती बाई त्यांची चूक अंगावर घेत होती आणि ते घेऊ देत होते. आणखी थोडा वेळ त्यांनी घेऊ दिलीच. साहेबांनी पेन उचललं तेव्हा ते बोलले.

"साहेब, थांबा. दोन्ही कुलपं म्याच आणली. एकाच पुठ्ठ्यावरची. विकणारानं सांगितलं होतं, एकाची दुसऱ्याला लागती. मला ठाऊक होतं."

"ठाऊक होतं?"

"व्हय. भारी कुलूप बी हातात घेतलं होतं. जिवावर आलं." मग म्हणाले, "वहिनीनं ताटाच्या पेटीची म्हणून किल्ली दिली. तिची कायी चूक न्हाय. मी मघाशी खोटं बोललो."

साहेबांनी पेन खाली ठेवलं. "एवढी वर्षं दुसऱ्याच्या सोन्याची राखण करता ना तुम्ही?"

शिवप्पांनी मान हलवली.

बंदूक तिथंच ठेवून घेतली. परवान्याचं पुढं काय करायचं ते वर ठरेल, असं सांगितलं. फोटोत बंदूक त्याच्या हातात होती, म्हणून नंदीशला येऊन जबाब द्यायला सांगितलं. शिवप्पांनी स्वतः दुकानात जाऊन शेठला सगळं सांगितलं. मुनीमांनी आधीच सांगितलं होतं. शेठ म्हणाले, "बघू, परवान्याचं काय होतंय ते," आणि नजर तराजूकडे वळवली.

परतीच्या गाडीत गर्दी नव्हती. गजराबाई खिडकीशी बसल्या. शेजारची जागा मोकळी होती, पण शिवप्पा दांडा धरून उभे राहिले. रिकामी पेटी पायाशी. कंडक्टर म्हणाला, "काका, एवढ्या जागा हायत, बसा की." ते म्हणाले, "ऱ्हाऊ द्या." गाडी माळावरून चालली होती. दोन्ही बाजूंच्या रानांत कालच्या कोपी तशाच उभ्या होत्या.

ते खिडकीच्या दिशेनं, पण खाली बघून म्हणाले, "वहिनी, मी पंगतीत तसं बोलाय नको होतं."

"नको होतं," गजराबाई म्हणाल्या.

"त्या सगळ्यांना सांगून येतो मी. घरोघर जाऊन."

"या सांगून."

एवढंच. माफ केलं असं त्या म्हणाल्या नाहीत, आणि तसं विचारायचं धाडस त्यांना झालं नाही. पुढच्या थांब्यावर शेंगांची पोती घेऊन माणसं चढली, गाडी भरली. गजराबाईंनी मांडीवरची पिशवी आवरून घेतली.

"बसा भावजी. माणसं बघायलेत."

ते बसले, पण सीटच्या अगदी कडेला. सास्तूर येईपर्यंत एक पाय सीटबाहेरच होता.