दोनदा मोजलेला बाजार

सुनेचं रक्त थांबत नव्हतं, पोटात नऊ महिन्यांचं बाळ होतं आणि धारणीच्या दवाखान्यात न्यायला गावात एकही गाडी नव्हती. मुलगा म्हणाला, "माय, हप्त्यात जीप चार दिवस येते, एसटी तीन दिवस. झाले सात. थांब, आजही काहीतरी येतेच." मी म्हटलं, "बाजाराच्या दिवशी दोन्ही येतात. तो दिवस तू दोनदा मोजला. सहाच झाले, बावा. एक दिवस रिकामा जाते, कोणता त्याचा नेम नाई. आज तोच असन तं?" त्यानं शेजारचे तीन गडी बोलावले. मग चौघांनी तिला बाजेवर घालून डांबरी रस्त्यापर्यंत नेलं, तिथे ट्रक मिळाला. गावात त्या दिवशी काहीच आलं नाही. सून जगली, नातही जगली.