प्लेनोच्या काकूंनी काढलेला परलोक

शिकागोच्या विद्यापीठात मी सहा वर्षं परलोकाचे नकाशे गोळा केले. कुणी विचारलं, "काय करतेस?" की मी हेच सांगायचे आणि समोरचा हसायचा. डेव्हन ॲव्हेन्यूवरच्या किराणा दुकानात एका काकांनी तर हात जोडून सांगितलं, "आमचा एक प्लॉट बुक करून ठेव तिथे." हसा म्हटलं. नागपूरहून एवढ्या लांब मी लोकांना आवडायला आले नव्हते.

काम साधं होतं. इथल्या मराठी माणसांच्या घरी जायचं, कोरा कागद आणि पेन पुढे ठेवायचं आणि म्हणायचं, "मेल्यावर माणूस कुठे जातो ते काढून दाखवा." पेन्सिल आणि रबर द्यायचं नाही. रबर दिलं की लोक स्वतःचं खोडून पोथीतलं काढतात, हे मला पहिल्या दहा घरांतच कळलं होतं. सांता क्लाराच्या एका इंजिनिअरने चौकोन आणि बाण काढले, वैतरणीपाशी "इथे लॉगिन" लिहिलं, आणि मग पलीकडच्या काठावर वडिलांना बसायला एक बाक काढला.

दोन हजार पाच साली मी टेक्ससमधल्या प्लेनोला गेले. तिथल्या काकूंचे यजमान वर्षभरापूर्वी गेले होते. काकूंनी नकाशा सुरू केला तो घरामागच्या अंगणापासून. दहाव्याला देवळातल्या गुरुजींनी तिथेच कुंपणाजवळ पिंड ठेवले होते आणि कावळा काही शिवेना. मुलगा म्हणाला, "बाबा, आईला मी सांभाळीन." तरी नाही. तास गेला, दीड तास गेला. शेवटी काकू पुढे झाल्या आणि म्हणाल्या, "अहो, माझ्यासाठी अडून राहू नका. मी गाडी चालवायला शिकते." प्लेनोत गाडीशिवाय दूधसुद्धा आणता येत नाही, आणि एकवीस वर्षं काकूंना सगळीकडे यजमानांनीच नेलं-आणलं होतं. त्यांचं वाक्य संपतं न संपतं तोच पक्षी उतरला आणि त्याने भातात चोच घातली. नकाशात काकूंनी त्या जागी एक दार काढलं, दारावर लांब शेपटीचा पक्षी, आणि बाजूला लिहिलं, "डोळा पिवळा".

आणि मी, मोठी विदुषी, बोलून गेले, "काकू, हा कावळा नाही. याला ग्रॅकल म्हणतात. तुमच्या इथे पार्किंग लॉटमध्ये हिंडतात ना, ते."

जीभ हासडून टाकावीशी वाटली. काकूंनी पेन खाली ठेवलं. पुण्याच्या धाकट्या दिरांनीही फोटो बघून हेच सांगितलं होतं, असं त्या म्हणाल्या. हा कावळाच नाही, दहावं झालंच नाही, दादा अजून दारात ताटकळतोय, भारतात येऊन पुन्हा करा. वर्षभर दर फोनवर तेच चालू होतं.

"मला काय डोळे नाहीत?" काकू म्हणाल्या. "पण हे इथे राहिले ना एवढी वर्षं? मग न्यायला पुण्याहून कावळा यायचा होता का? जो आला तो माझं ऐकून आला. मला तेवढं पुरे आहे." दुसऱ्या दिवशी त्यांनीच मला एअरपोर्टला सोडलं. हायवेवर उजव्या लेनमधून, चाळीसच्या स्पीडने, मागचे हॉर्न मारत असताना शांतपणे.

माझे गाईड अमेरिकन, संस्कृतचे गाढे जाणकार, त्यांचे विसर्ग माझ्यापेक्षा शुद्ध. त्यांना बाकीचे सगळे नकाशे आवडले. या एकावर त्यांनी लाल रेघ मारली. "बाईंचा पक्षी चुकला, म्हणजे विधी चुकला," ते म्हणाले. "हा नकाशा काढून टाक आणि याच सेमिस्टरला प्रबंधाचा डिफेन्स दे. नाहीतर वर्षभर थांब." एवढ्या गोड आवाजात म्हणाले की माझ्या डोक्यातच गेले. वर्षभर थांबायचं म्हणजे फेलोशिप बंद आणि व्हिसा टांगणीला. नागपूरहून आई म्हणाली, "एक पान काढलंस तर काय बिघडतं गं?"

खूप बिघडतं. त्या पानाला चूक म्हटलं की एक माणूस कायमचा दारात उभा राहतो, आणि त्याला तिथे उभं करणारी मी. दिरांनी निदान भावाच्या मायेने केलं होतं, मी पदवीसाठी करणार होते. नाही काढलं पान. परत जावं लागलं तर जाईन, पण पानासकट जाईन, असं गाईडना तोंडावर सांगितलं. वर्षभर मिळेल ते शिकवलं, विभागात दारोदार फिरून एकेका सेमिस्टरची सोय केली, आणि घाबरलेही भरपूर.

डिफेन्सला, म्हणजे प्रबंधाच्या तोंडी परीक्षेला, कुणीही येऊन बसू शकतं, हे काकूंना फोनवर सहज सांगितलं, तर त्या विमानाने आल्या. मागच्या रांगेत मांडीवर पर्स घेऊन बसल्या. गाईडनी तो नकाशा पडद्यावर लावला आणि विचारलं, "तुमच्या मते हा गृहस्थ पोचला का?" माझ्याकडे तीन पानी उत्तर तयार होतं. ते मी बाजूला ठेवलं आणि म्हटलं, "नकाशा ज्यांचा आहे त्या मागे बसल्यात. त्यांना विचारा." अशी पद्धत नाही तिथे.

काकू उभ्या राहिल्या. इंग्रजीत, एकेक शब्द सुटा करत म्हणाल्या, "मी तिथे होते. तुम्ही होतात का?"

गाईडनी चष्मा काढला, पुसला, परत घातला आणि पुढचा नकाशा मागितला. तासाभराने त्यांनी प्रबंधावर सही केली, तो नकाशा आत ठेवून. मला रडूच आलं. कॉरिडॉरमध्ये मी काकूंच्या पाया पडायला वाकले, तर त्यांनी मला दंडाला धरून उभं केलं.

"ते राहू दे," त्या म्हणाल्या. "पुण्याला फोन लावून दे आधी. साहेबांना इंग्रजीत सांगून झालं, आता भावजींना मराठीत सांगते."