पास्कूकाकाचे दोन कुकर

रविवारच्या मिस्साला सगळ्यांनी मिळून म्हणायच्या प्रार्थनेत 'आम्हीही आमच्या अपराध्यांना क्षमा करतो' ही क्षमेची ओळ आली की पास्कूकाका तोंड मिटायचा. ती ओळ संपली की पुढच्या शब्दापासून पुन्हा सुरू, आणि तेही खणखणीत आवाजात. शेजारी उभी असलेली इस्तेलकाकी त्याला कोपरानं ढोसायची आणि स्वतः ती ओळ जरा मोठ्यानं म्हणायची, नवऱ्याचाही वाटा उचलल्यासारखी. फादरांनी एकदा त्याला बाहेर थांबवून विचारलं. काका म्हणाला, "देवासमोर खोटं कसा बोलू, फादर? त्या भांडीवाल्याला मी माफ केलं नाय."

पाचूबंदरला काकाच्या आणि आमच्या घरात एकच भिंत होती. काकानं होडीवर जाणं सोडलं होतं आणि तो होड्यांची इंजिनं दुरुस्त करायचा. दोर असो, चप्पल असो, छत्री असो, नवीन वस्तू घ्यायला जाताना तो जुनी सोबत न्यायचा. एका हातात जुनी, दुसऱ्या हातात नवी, आणि डोळे मिटलेले. दुकानदार भाव सांगायला लागला की म्हणायचा, "भाव मंग सांग. आदी हातात दे." मी बाजारातून स्वस्तात छत्री आणली आणि ती एका पावसात उलटली, तेव्हा त्यानं आठवडाभर माझी टर उडवली. "स्वस्त कुठली? एका पावसाला केवड्याला पडली ते बोल. तुज्या काकीची लग्नातली छत्री अजून हाय."

एकदाच तो जुनी वस्तू न नेता गेला. काकीचा जुना कुकर गळायला लागला होता. बाजारातल्या भांड्यांच्या दुकानात त्याच नावाचा, त्याच आकाराचा कुकर होता, आणि दुकानावर शेठनं ऐटीत पाटी लावली होती: 'आजही जुनाच भाव'. काकानं विचारलं, "तोच हाय ना?" शेठ म्हणाला, "डोळे झाकून न्या काका, अगदी तोच." ओळखीचा माणूस, म्हणून काकानं डोळे झाकून नेला.

काही दिवसांतच शेगडीवरून उतरवताना त्या कुकरचा दांडा हातात आला आणि उकळती पेज काकीच्या उजव्या हातावर सांडली. दांडा आतून पोकळ होता. जुन्या कुकरला आरपार बोल्ट होता, याला एक बारीक स्क्रू. पत्रा तर असा की बोटानं दाबला तर वाकेल. हात बरा झाला, पण अंगठा आणि पहिलं बोट आखडून गेलं ते कायमचं.

ज्यांनी काकीचे फुगे खाल्लेत, त्यांनाच कळेल काय गेलं ते. आंबवलेलं पीठ मुठीत घ्यायचं, अंगठा आणि बोटामधून दाबून त्याचा गोळा वर काढायचा आणि तेलात सोडायचा. गावातल्या लग्नाच्या आदल्या दिवशी काकीला बोलावणं आल्याशिवाय कढई चढत नसे. आता ती मांडवात बाजूला बसून दुसऱ्या बायकांना सांगायची, "पीठ सैल हाय गो." घरी येऊन मात्र बोलायची नाही. ते बघून काकाचं डोकं फिरलं आणि परत जागेवर आलं नाही. आलं नाही याचं मला तेव्हाही वाईट वाटलं नाही.

शेठ नवा कुकर घेऊन घरी आला होता. जाड, महागातला, फुकट. काका दारातच म्हणाला, "कुकर नको. हात बदलून दे."

त्यानंतर दर रविवारी मिस्सा झाली की काका पिशवीत दोन्ही कुकर घालून दुकानासमोरच्या कट्ट्यावर बसायला लागला. शिवी नाही, आरडाओरडा नाही. कुणी लग्नाची भांडी घ्यायला आलं की दोन्ही कुकर पुढे करायचा. "हातात घेऊन बगा." माणसं हसत हातात घेत आणि हसायची थांबत. शेठनं हवालदाराला बोलावलं. हवालदारानंही दोन्ही उचलून पाहिले आणि काकालाच विचारलं, "मग घ्यायचा कुठला?"

माझी नोकरी भाव गोळा करण्याची. महागाई किती वाढली ते सरकार काढतं, त्यासाठी आम्ही दर महिन्याला त्याच दुकानात जाऊन त्याच वस्तूचा भाव टिपतो. वस्तू तीच असली तरच त्या भावाला अर्थ. माझ्या वाट्याला हे दुकान आलं तेव्हा मी मुद्दाम रविवारी गेले. शेठ पाटीकडे बोट दाखवून म्हणाला, "मॅडम, लिहा, तोच भाव." बाहेरून काकाचा आवाज आला, "भाव तोच, पन कुकर तोच नाय, पोरी." मी शेठच्याच काट्यावर दोन्ही कुकर ठेवले. नवा पार हलका भरला. मी वस्तू बदलल्याची नोंद केली आणि वजन, पत्रा, दांडा सगळं लिहिलं. वस्तूचा दर्जा उतरला आणि भाव तोच राहिला, म्हणजे भाव चढलाच, असं ऑफिसनं धरलं. काकाला सांगितलं तर तो म्हणाला, "चांगलं झालं. पन त्यानं सोताच्या तोंडानं बोलायला पायजे."

ते ऐकायला काका राहिला नाही. मागच्या वर्षी इंजिन खोलता खोलता खाली बसला आणि गेला.

अंत्यविधीच्या मिस्साला शेठ आला होता, मागच्या बाकाजवळ हात जोडून उभा. क्षमेची ओळ आली. मी काकीकडे पाहिलं. इतकी वर्षं ती ओळ दोघांच्या वाट्याची म्हणणाऱ्या काकीनं तोंड मिटून घेतलं होतं. मीही मिटलं.

पुढच्या महिन्यात रविवारी भाव घ्यायला गेले तर कट्ट्यावर इस्तेलकाकी. मांडीवर काकाची पिशवी. कुणी नवरीची आई दुकानाच्या पायऱ्या चढत होती, काकी डाव्या हातानं एक कुकर तिच्याकडे सरकवत होती. दुसरा उचलायला तिचा उजवा हात वळत नव्हता, म्हणून तिनं तो हातच पुढे केला. बाईनं कुकर ठेवला, हाताकडे पाहिलं आणि ती खाली उतरली.

शेठ मला हळूच म्हणाला, "तुम्ही तरी समजावा त्यांना. माणूस गेला, आता कशाला?"

मी नेहमीसारखं विचारलं, "कुकरचा भाव?"

त्यानं बाहेर कट्ट्याकडे पाहिलं. मग म्हणाला, "भाव तोच. कुकर तो नाही. आधीपासूनच नव्हता. लिहा." आणि स्टूल घेऊन त्यानं स्वतः पाटी उतरवली.

मी बाहेर येऊन काकीला सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि पिशवीचं तोंड नीट केलं. मी म्हटलं, "चल ना काकी, झालं आता."

"तू जा," काकी म्हणाली. "दुकान बंद व्हायला येळ हाय अजून."