स्टोमा म्हणजे तोंड

काश्मीर खोऱ्यात आमच्या कंपनीची एक पोस्ट होती. सफरचंदाच्या बागांच्या वर, उतारावर. वाळूच्या गोण्या, बंकर, एक लंगर म्हणजे भटारखाना, एवढाच पसारा. मी हवालदार रमेश गांगुर्डे, सेक्शन कमांडर. लान्स नायक देवराम बागुल माझा बडी. बडी म्हणजे जोडीदार. सर्चला एक पुढे गेला की दुसरा त्याला कव्हर देतो.

देवराम कळवणच्या वरच्या अंगाचा, डोंगरातल्या पाड्यावरचा. मी सातपूरच्या कामगार वस्तीतला. पोस्टवर नाशिकचे आम्ही दोघंच, म्हणून पोरं आम्हाला 'द्राक्षवाले' म्हणायची. देवरामला ते पटायचं नाही. "आमच्या पाड्यावर द्राक्षाचा एक वेल दाखवा, उस्ताद," म्हणायचा. "उगाच नाव." जवान हवालदाराला उस्ताद म्हणतात. तो मात्र त्या शब्दात थोडी थट्टाही मिसळायचा.

पहाटे पीटी, मग पेट्रोल म्हणजे गस्त, परत आल्यावर हत्यारांची सफाई, दुपारी पाणी भरणं. असे कित्येक दिवस जायचे. फौजेतला बहुतेक काळ असाच जातो. सिव्हिलमधल्या लोकांना हे सांगितलं की त्यांची निराशा होते.

त्या दिवशी खालच्या गावाला पहाटे कॉर्डन, म्हणजे वेढा, लागला. उजाडल्यावर सर्च सुरू झाला. आमच्या सेक्शनकडे तीन घरं होती. पहिल्या दोन घरांत काही मिळालं नाही. तिसरं दुमजली, बाहेरून लाकडी जिना. मी जिन्याच्या चार पायऱ्या चढलो आणि सेक्शनला हाताने 'पांगा' असा इशारा करायला मागे वळलो. माझी पाठ घराकडे झाली. तेवढ्यात वरच्या खिडकीतून फायर आला.

गोळी डाव्या कुल्ल्यात शिरली. सरळ सांगतो, कारण पुढची सगळी गोष्ट त्या जागेची आहे. मी अंगणात कोसळलो. कमरेखाली पाय आहेत की नाहीत, कळेना. देवराम दगडी कुंपणाच्या आडोशाला होता. तो बाहेर आला. मी त्याला बोलावलं नव्हतं. त्याने माझ्या अंगावरच्या वेबिंगचा पट्टा धरला आणि मला ओढत कुंपणापर्यंत नेलं. मला आडोशाला ढकललं आणि तो आत यायला वळला तेव्हा त्याच्या मानेत गोळी लागली. बुलेटप्रूफ जॅकेटच्या वर.

रेडिओ ऑपरेटर माझ्या शेजारीच होता.

"चार्ली के लिए वन. दो कॅज्युअल्टी. एक सीरियस. ओव्हर."

"वन के लिए चार्ली. कौन सीरियस? ओव्हर."

ऑपरेटरने आमच्या दोघांकडे पाहिलं. त्याला ठरवता येईना.

"दोनों. ओव्हर."

हेलिकॉप्टर उतरायच्या आधी देवराम गेला. मी शुद्धीत होतो. तो माझ्यापासून हाताच्या अंतरावर होता.

बेस हॉस्पिटलमध्ये जाग आली तेव्हा हात आपोआप पोटाकडे गेला. बेंबीच्या डाव्या बाजूला काहीतरी चिकटवलेलं लागलं. कोमट, मऊ. नर्सिंग असिस्टंट धावत आला.

"हात मत लगाओ, उस्ताद. स्टोमा है."

मला वाटलं एखाद्या मशिनचं नाव असेल.

सर्जन, एक मेजर साहेब, पुण्याकडचे होते. दुसऱ्या दिवशी राउंड संपल्यावर ते खुर्ची ओढून बसले आणि मराठीत बोलले.

"स्टोमा हा मूळ ग्रीक शब्द. अर्थ तोंड. शाळेत पानावरच्या छिद्रांना स्टोमाटा म्हणतात, ते शिकला असाल. तेच कूळ. कोलन म्हणजे मोठं आतडं. ते पोटावर बाहेर आणून त्याला तोंड केलं, की ऑपरेशनचं नाव कोलोस्टोमी. गळ्यावर श्वासनलिकेला तोंड केलं, की ट्रॅकिऑस्टोमी."

"म्हणजे माझी संडास इथून होणार, सर?"

"हो. त्या पिशवीत."

"किती दिवस?"

"काहींचा स्टोमा पुढे बंद करता येतो. त्याला आम्ही क्लोजर म्हणतो. तुमच्या आतड्याचं खालचं टोक गोळीने ठेवलेलं नाही. तुमचा कायमचा."

ते माझ्या खांद्यावर हात ठेवून उठले. भला माणूस. पण त्या क्षणी मला त्यांचं तोंड बघवेना.

हळूहळू वॉर्डातली भाषा समजायला लागली. राउंडला डॉक्टर विचारायचे, "स्टोमा हेल्दी?" हेल्दी म्हणजे लाल आणि ओलसर, ओठाच्या आतल्या बाजूसारखा. काळा पडला तर धावपळ. मग विचारायचे, "फंक्शनिंग?" नर्सिंग असिस्टंट मोठ्याने म्हणायचा, "फंक्शनिंग, सर!" अख्खा वॉर्ड ऐकायचा. डॉक्टरांच्या दृष्टीने ती आनंदाची बातमी होती. मी चादर डोक्यावर ओढायचो.

शेजारच्या बेडवर हिमाचलचा एक जवान होता. त्याचा पाय गुडघ्याखाली गेला होता. जनरल साहेब भेटीला आले तेव्हा त्याच्या बेडपाशी थांबले, सॅल्यूट केला. माझ्यापाशी येऊन विचारलं, "कहाँ लगी, जवान?"

"पेट में, सर."

खोटंच. गोळी मागून लागली होती. मागून लागली म्हटलं की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांत एक प्रश्न येतो, हा पळत होता का. तो प्रश्न मला कुणी कधी विचारला नाही. मी मात्र रोज त्याचं उत्तर तयार ठेवायचो.

मेडिकल बोर्ड झालं, फौज सुटली. आता सातपूरच्या एका कारखान्यात सिक्युरिटी सुपरवायझर आहे. नाशिकला आल्यावर 'पेट में'चं 'मांडीत' झालं. मांडी म्हटलं की लोक पुढे विचारत नाहीत.

स्टोमाला आवळून धरणारा स्नायू नसतो. त्यामुळे त्याच्यावर आपला हुकूम चालत नाही. तो वाटेल तेव्हा वाजतो. एकदा प्रजासत्ताक दिनी वस्तीतल्या मंडळाने माझा सत्कार ठेवला. शाल अंगावर पडली, शहिदांसाठी सगळे स्तब्ध उभे राहिले, आणि त्या शांततेत माझं पोट बोललं. लांब, ओला आवाज. पुढच्या रांगेत कुणीतरी खुदकन हसलं. मी त्यानंतर बराच काळ कुठल्याही कार्यक्रमाला गेलो नाही. लग्नाला गेलो तर जेवायचो नाही. बसमध्ये बसायचो नाही. माझी बायको सुनंदा घरात उदबत्ती लावून ठेवते. तिला वास येत नाही, असं ती म्हणते. मला येतो.

आणि म्हणूनच मी कळवणलाही गेलो नव्हतो. देवरामच्या घरी. त्याची आई तुळसाबाई दोनदा फोनवर बोलली होती. "येऊन जा, बाबा. तुला एकदा बघू दे." मी म्हणायचो, येतो. नाशिक ते कळवण एसटी, पुढे पाड्यापर्यंत जीप, माणसाला माणूस खेटून. अशा जीपमध्ये पिशवी सुटली तर? हा विचार आला की मी जाणं पुढे ढकलायचो. ज्याने मला ओढून नेलं त्याच्या घरी मी एका पिशवीपायी जात नव्हतो.

मग तीच आली. रविवारी सकाळी जावयाने तिला दारात सोडलं आणि तो आपल्या कामाला गेला. ठेंगणी, वाळकी बाई. हातात कापडी पिशवी. सुनंदाने तिला आत घेतलं. मी उठून उभा राहिलो. ती दोन्ही हात पसरून माझ्याकडे आली.

मी मागे सरकलो.

विचार करून नाही. अंगानेच ते केलं. तिचे हात तसेच राहिले, मग खाली आले. ती खाली चटईवर बसली. तिने पिशवीतून नागलीचे पापड आणि एका फडक्यात बांधलेली भाकरी-चटणी काढली. "वाईच खा," म्हणाली. खाल्लं की अर्ध्या तासात पोट वाजणार. मी म्हणालो, "नंतर खातो, आई."

 ती हळू आवाजात म्हणाली, "आमच्या हातचं चालत नाय का तुला? आम्ही डोंगरातली माणसं."

आम्ही बौद्ध. हात आखडून घेणं म्हणजे काय, समोरचा एक पाऊल मागे गेला की आतमध्ये काय होतं, हे आमच्या घरात कुणाला समजावून सांगायला लागत नाही. माझ्या आजोबांनी ते आयुष्यभर पाहिलं. आणि मी तेच त्या बाईला केलं, माझ्या घरात, तिच्या मुलाने वाचवलेल्या पायांवर उभं राहून. इतकी लाज मला वॉर्डातही वाटली नव्हती.

ती फडकं परत बांधायला लागली. सुनंदा माझ्याकडे बघून म्हणाली, "अहो, सांगा त्यांना. नाहीतर मी सांगते."

"आई, थांबा," मी म्हणालो. "मला स्टोमा आहे."

"काय हाय?"

"स्टोमा. म्हणजे तोंड. गोळीने खालची वाट गेली. डॉक्टरांनी पोटावर आतड्याचं तोंड केलंय. तिथनं सगळं पिशवीत पडतं. वास येतो, आवाज येतो. म्हणून मी कुणाच्या जवळ जात नाही. म्हणून तुमच्याकडं आलो नाही. तुमचं काही नाही."

ती ऐकत होती. "गोळी पोटात लागली व्हती?"

"नाही. मागून. कुल्ल्यात."

हे मी सुनंदा सोडून पहिल्यांदा कुणाला सांगत होतो.

तुळसाबाई उठली, माझ्यासमोर आली. "कुठं?" मी शर्टावरून पोटाकडे बोट दाखवलं. तिने त्यावर तळहात ठेवला. शर्ट, त्याखाली पिशवी. मला मागे सरकायचं होतं. सरकलो नाही.

"गरम हाय," ती म्हणाली. "दुखतं?"

"नाही. त्याला दुखत नाही."

नेमकं तेव्हाच ते वाजलं, तिच्या हाताखाली. मी डोळे मिटून घेतले. तिने हात काढला नाही. "वाजू दे," म्हणाली. "जित्या माणसाचं वाजतंच."

मग आम्ही तिघं चटईवर बसून जेवलो. मी भाकरी खाल्ली. लाज गेली, असं मी म्हणणार नाही. अजूनही लिफ्टमध्ये कुणी शिरलं की मी कोपऱ्यात सरकतो. हे लिहितानाही ती आहे.

जेवण झाल्यावर तिने विचारलं, "तो काय बोलला का? शेवटचं?"

युनिटच्या पत्रात काय लिहिलं होतं, मला माहीत होतं. शौर्य, बलिदान, देश. तिला ते ऐकायचं नव्हतं.

"बोलला," मी म्हणालो. "मला ओढत होता तेव्हा. म्हणाला, 'लय जड झालाय, उस्ताद. उद्यापास्नं दोन रोट्या कमी खा.'"

तुळसाबाई हसली. पदर तोंडाला लावून खूप वेळ हसली आणि मग तसाच पदर डोळ्यांना लावला. "त्योच," म्हणाली. "त्योच हाय त्यो."

आता मी दरवर्षी त्याच्या पुण्यतिथीला पाड्यावर जातो. एसटीने, मग जीपने. पाड्याच्या तोंडाशी शाळेपुढे त्याच्या स्मारकाचा चौथरा आहे. सरपंचांचं भाषण होतं, हार घातला जातो. मग तुळसाबाई मला पुढे ओढते आणि बायकांना म्हणते, "ऐका गं, माझा देवा काय बोलला." मी सावधान उभा राहतो आणि ते वाक्य जसंच्या तसं म्हणतो. सगळा पाडा हसतो. लान्स नायक देवराम बागुल, वय सव्वीस. विनोद त्याचा आहे, मी फक्त तो पोहोचवतो.