दारातल्या चपला

भुताखेतांचे किस्से मी आजवर फक्त हसण्यासाठी वाचले. शाळेत विज्ञान शिकवते, त्यामुळे स्वभावच तसा... तरी हे लिहितेय, कारण पोटात राहत नाही.

सिल्व्हासाजवळ नरोलीला आम्ही दोघी भाड्याच्या घरात राहतो. मी चिपळूणची, नवरा कॅनडाला गेलाय, माझा व्हिसा आला की मीही जाणार. सुनंदा धुळ्याकडची, धाग्याच्या कंपनीत पॅकिंगला. तिचा नवरा मस्कतला वायरमन. खाली राहणाऱ्या मालकीणबाईंनी गाठ घालून देईपर्यंत आम्ही एकमेकींना ओळखतही नव्हतो. घरात नुसत्या बायका आहेत हे कळू नये म्हणून दारात दोन्ही नवऱ्यांच्या जुन्या चपला ठेवायच्या, ही सुनंदाची युक्ती. वापरातल्या दिसाव्यात म्हणून ती त्या रोज जराशा हलवायची.

गेल्या वर्षी तिच्या नवऱ्याचा फोन लागेनासा झाला. "ताई, आज पन स्विच ऑफ येऊ राहिला," एवढंच ती बोलायची. त्यातच एका सकाळी घाईत माझा पाय पडून नेमका त्याच्याच चपलेचा अंगठा तुटला. सुनंदा ती चप्पल उराशी धरून खाली बसली. मी म्हटलं, "अगं, जुनं चामडं, तुटणारच." तुटकी चप्पल तशीच दारात ठेवली. कुलूप लावून आम्ही कामावर गेलो.

संध्याकाळी दोघी फाटकातच भेटलो. ओट्यावरून मालकीणबाई म्हणाल्या, "सुनंदाबेन, तमारा मिस्टर आवी गया ने? दुपारी जिन्यात बसून चप्पल नीट करत होते. मी चाय विचारली, तर नुसते हसले."

आम्ही धावतच वर गेलो. कुलूप तसंच. चपलेचा अंगठा मात्र तांब्याच्या तारेने बांधलेला, टोचू नये म्हणून टोक आत वळवलेलं. "अशी गाठ हेच मारता, ताई," म्हणत सुनंदा रडायला लागली. माणूस गेला आणि निरोप घ्यायला आला, असंच तिने धरलं. खोटं कशाला बोलू, मीही तेच धरलं.

तेवढ्यात फोन वाजला — तोच! तापाने हॉस्पिटलात बेशुद्ध होता, दुपारीच शुद्धीवर आला. "काय सांगू," तो म्हणाला, "सपनात सारखी चप्पलच नीट करू राहिलो होतो."

सुनंदा रडता रडता हसली, मग त्याला मनसोक्त रागावली. मी शिरा केला, मालकीणबाईंनाही वर बोलावलं. इतकं हलकं मला कधीच वाटलं नव्हतं.

मालकीणबाईंनी दुसऱ्याच कुणाला पाहिलं असेल? पण मग ती तार?

परवा माझ्या नवऱ्याच्या चपलेचा पट्टा सुटलाय. दुरुस्तीवाला नाक्यावरच बसतो. मी अजून नेलेली नाही.